अहवाल तिला वाचता येईना म्हणून
(घोटी येथे ‘दोघी’ चित्रपट दाखवल्यानंतर केलेलं भाषण)



सिनेमा संपला तरी कुणी उठलं नाही. चर्चेआधी तो करणाऱ्या बाईंविषयी सांगते.

सुमित्रा भावे (१९४३–२०२१) पुण्याच्या. सिनेमाचं शिक्षण त्यांनी घेतलं नव्हतं. त्या समाजकार्य शिकवायच्या, संशोधन करायच्या. वस्तीतल्या बायकांचा अभ्यास करताना त्यांना प्रश्न पडला : हा अहवाल जिच्याविषयी आहे, तिला तो वाचताच येणार नसेल, तर लिहायचा कुणासाठी? त्यातून १९८५ साली ‘बाई’ हा लघुपट झाला. त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. मग ‘पाणी’. सुनील सुकथनकरांबरोबर ‘दोघी’ (१९९५), ‘देवराई’ आणि सुवर्णकमळ मिळवणारा ‘कासव’. धंदेवाईक सिनेमाच्या वाटेला त्या गेल्या नाहीत.

मला त्यांची एक गोष्ट फार पटते. त्या बाईला बिचारी करत नाहीत. गौरीचा नवरदेव लग्नाच्या दिवशीच अपघातात जातो, मामा तिला मुंबईला नेतो, तिथे तिला धंद्याला लागावं लागतं. तिच्या पैशावर घर तगतं, धाकट्या कृष्णाचं लग्न ठरतं. आणि गौरी घरी आली, की तीच नकोशी! पण आईलाही भावे खलनायिका करत नाहीत. आईची भीती आपल्याला कळते, म्हणून तर जास्त टोचतं.

मुंबईची गाडी आपल्या घोटीवरूनही जाते. पैसे चालतात, पोरगी चालत नाही, असं इथल्या किती घरांत आहे?

बोला. मागच्या आजी, तुम्ही मघापासून मान हलवताय. तुम्हीच सुरुवात करा.