सानिया मिर्झा : एका टेनिसपटूची वाटचाल

(राष्ट्रीय क्रीडा दिनानिमित्त शिक्षक व पालकांच्या सभेत विभागाच्या प्रसिद्धी अधिकाऱ्यांनी केलेल्या भाषणाचा मजकूर)



मेजर ध्यानचंद यांचा २९ ऑगस्ट हा जन्मदिवस आपण राष्ट्रीय क्रीडा दिन म्हणून पाळतो. या दिवशी हॉकीविषयी बोलण्याचा प्रघात आहे. मी मात्र आज टेनिसविषयी, आणि तेही आपल्याच हैदराबाद शहरात वाढलेल्या एका मुलीच्या टेनिसविषयी बोलणार आहे. आपल्या खेड्यांतून टेनिसचे मैदान क्वचितच दृष्टीस पडते. मग हा विषय येथे कशासाठी, अशी शंका कोणाच्या मनात येणे स्वाभाविक आहे. तथापि मुलीच्या अंगी काही गुण दिसला, तर त्यापायी वेळ आणि पैसा किती वेचावा, आणि मध्येच अपयश आले तर काय करावे, हे प्रश्न कबड्डी खेळणाऱ्या मुलीच्या घरीही तितकेच खरे आहेत. सानिया मिर्झा यांच्या वीस वर्षांच्या कारकिर्दीत या प्रश्नांची उत्तरे सापडतात, म्हणून हा विषय मी निवडला.

सानिया यांचा जन्म १५ नोव्हेंबर १९८६ रोजी मुंबईत झाला. परंतु त्या लहान असतानाच कुटुंब हैदराबादला आले आणि त्यांचे सारे बालपण येथेच गेले. सुलतान बाजार आणि काचीगुडा या भागांत पिढ्यान् पिढ्या नांदणाऱ्या मराठी कुटुंबांना ज्या शहराची सवय आहे, तेच हे शहर. नसर शाळेत शिकणारी ही सहा वर्षांची मुलगी आईचे बोट धरून निझाम क्लबच्या मैदानावर गेली, तेव्हा तेथील प्रशिक्षकांना ती फारच लहान वाटली आणि त्यांनी तिला शिकवण्यास नकार दिला. आई तेथून परतली नाही. तिने आग्रह धरला, वाद घातला आणि मुलीला दाखल करूनच ती घरी आली. ही हकीकत सानिया यांनी स्वतः, २०२३ साली निवृत्तीचा निर्णय जाहीर करताना, सर्वांना सांगितली. तीस वर्षांचा हिशेब मांडताना त्यांना पहिली आठवण झाली ती या नकाराची, हे ध्यानात घेण्याजोगे आहे.

त्या काळी हैदराबादेत चांगली मैदाने अगदी थोडी होती. शेणाने सारवलेल्या मैदानावर आपण टेनिसचे पहिले धडे गिरवले, असे सानिया यांनी अनेकदा सांगितले आहे. आपल्या माताभगिनींना सारवलेल्या अंगणाचे नवल वाटणार नाही. परंतु जागतिक टेनिस सिमेंटवर, हिरवळीवर किंवा तांबड्या मातीवर खेळले जाते आणि तेथे चेंडूची उसळी निराळी असते. वडील इम्रान मिर्झा हेच त्यांचे प्रमुख मार्गदर्शक झाले. घरचा वेळ, घरचा पैसा आणि सुट्ट्या या एका खेळाभोवती फिरू लागल्या. यशाची हमी मात्र कोणी दिलेली नव्हती.

हमी का नव्हती, हे समजण्यासाठी थोडा इतिहास पाहावा लागेल. भारतीय स्त्रियांचे टेनिस तसे जुने आहे. १९३४ साली लीला राव यांनी विम्बल्डनमध्ये सामना जिंकला. तेथे विजय मिळवणाऱ्या त्या पहिल्या भारतीय महिला. त्यांच्या मातोश्री म्हणजे पुण्यात जन्मलेल्या आणि संस्कृतात काव्यरचना करणाऱ्या पंडिता क्षमा राव. त्या स्वतःही टेनिस खेळत. अर्थात तो काळ हौशी खेळाचा होता. १९६८ पासून मोठ्या स्पर्धा व्यावसायिक खेळाडूंना खुल्या झाल्या आणि १९७३ साली स्त्री खेळाडूंची स्वतंत्र जागतिक संघटना स्थापन झाली. तेव्हापासून स्त्रियांचे टेनिस हा पूर्णवेळचा व्यवसाय बनला. या व्यावसायिक युगात एखाद्या भारतीय स्त्रीने ग्रँड स्लॅम स्पर्धेच्या मुख्य फेरीतील एकेरीचा सामना प्रथम जिंकला तो १९९८ साली, ऑस्ट्रेलियात, आणि तो मान निरुपमा वैद्यनाथन यांचा. म्हणजे सानिया मैदानात उतरल्या तेव्हा पुढे चालून गेलेली पावले फारच थोडी होती.

या व्यवसायाची रीतही जाणून घेण्यासारखी आहे. येथे मासिक वेतन नाही. जो जिंकेल त्याला बक्षीस, जो हरेल त्याने आपल्या खर्चाने पुढच्या गावी जावे, असा शिरस्ता आहे. क्रमवारी ठरते ती मागील ५२ आठवड्यांतील गुणांवर. यंदा मिळवलेले गुण पुढल्या वर्षी त्याच सुमारास गळून पडतात आणि ते पुन्हा मिळवावे लागतात. शेतकऱ्याला जसे गेल्या सालच्या पिकावर यंदा निभावता येत नाही, तसाच हा प्रकार आहे. दुखापत होऊन खेळाडू घरी बसला की क्रमवारी ढासळते आणि मोठ्या स्पर्धांची दारे बंद होऊ लागतात.

अशा व्यवसायात सानिया यांनी २००३ साली प्रवेश केला. त्याच वर्षी रशियाच्या अलिसा क्लेबानोव्हा यांच्या साथीने त्यांनी विम्बल्डनमधील मुलींच्या दुहेरीचे अजिंक्यपद पटकावले. २००५ हे वर्ष तर अपूर्व ठरले. जानेवारीत ऑस्ट्रेलियन खुल्या स्पर्धेत त्यांनी तिसरी फेरी गाठली. फेब्रुवारीत हैदराबादेतच झालेल्या स्पर्धेत त्यांनी युक्रेनच्या अल्योना बोंदारेन्को यांना हरवून एकेरीचे विजेतेपद मिळवले. जागतिक महिला संघटनेच्या स्पर्धेत एकेरी जिंकणाऱ्या त्या पहिल्या भारतीय महिला होत. त्याच वर्षी अमेरिकन खुल्या स्पर्धेत त्या चौथ्या फेरीपर्यंत पोहोचल्या. ऑगस्ट २००७ मध्ये एकेरीच्या जागतिक क्रमवारीत त्यांनी २७ वे स्थान मिळवले. अठरा-वीस वर्षांच्या मुलीवर कौतुकाचा वर्षाव झाला, तसाच तिच्या पोशाखावरून टीकेचाही भडिमार झाला. दोन्ही सोसून तिला रोज सकाळी सरावाला उभे राहावे लागत होते.

यानंतरचा भाग मला सर्वांत महत्त्वाचा वाटतो. सानिया यांचे खरे बळ म्हणजे उजव्या हाताचा जोरकस फोरहँड. नेमके तेच मनगट दुखावले. २००८ साली त्यावर शस्त्रक्रिया करावी लागली. ऑगस्टमध्ये बीजिंग ऑलिंपिकमध्ये एकेरीचा पहिलाच सामना त्यांना वेदनांमुळे अर्धवट सोडावा लागला. केस विंचरणेही कठीण व्हावे अशी हाताची अवस्था झाली होती आणि मन खचून गेले होते, असे त्यांनी पुढे मोकळेपणाने सांगितले आहे. वय अवघे एकवीस. गुडघ्यांच्या शस्त्रक्रियाही त्यांच्या वाट्याला आल्या.

येथे दोन मार्ग होते. एकेरीच्या मागे लागून शरीर झिजवत राहावे, किंवा शरीराला झेपेल असा खेळ शोधावा. हा निर्णय एका दिवसात झाला नाही. जानेवारी २००९ मध्ये महेश भूपती यांच्यासह त्यांनी ऑस्ट्रेलियात मिश्र दुहेरीचे अजिंक्यपद मिळवले. ग्रँड स्लॅम विजेतेपद मिळवणारी ती पहिली भारतीय महिला. २०१२ मध्ये याच जोडीने फ्रेंच स्पर्धाही जिंकली. पुढे त्यांनी एकेरी खेळणे थांबवले आणि सारे लक्ष दुहेरीवर केंद्रित केले.

शिक्षक मंडळींना ठाऊक असेल की, टेनिसचे मैदान ७८ फूट लांब असते. एकेरीसाठी त्याची रुंदी २७ फूट, तर दुहेरीसाठी ३६ फूट असते. दुहेरीत रुंदी वाढली तरी ती दोघांत वाटली जाते. त्यामुळे एका खेळाडूला धाव कमी घ्यावी लागते आणि मनगटावर व गुडघ्यांवर पडणारा ताणही कमी होतो. मात्र डोळा, अंदाज आणि साथीदाराशी असलेला मेळ यांची कसोटी लागते. दुहेरीचे बक्षीस एकेरीच्या मानाने पुष्कळच कमी असते आणि प्रसिद्धीही कमी मिळते. हे सर्व ठाऊक असूनही त्यांनी ही वाट धरली. लोकांच्या दृष्टीने ती माघार असेल. वस्तुतः आपल्या बळाचा आणि उणिवेचा तो अत्यंत प्रामाणिक ताळेबंद होता.

त्याचे फळ मिळावयास काही वर्षे लागली. २०१४ मध्ये ब्राझीलच्या ब्रुनो सोआरेस यांच्यासह त्यांनी अमेरिकेत मिश्र दुहेरी जिंकली. २०१५ च्या मार्चपासून स्वित्झर्लंडच्या मार्टिना हिंगिस यांच्याशी जोडी जमली. सानिया मागून फोरहँडचे जोरदार फटके मारीत आणि परतीचा दुबळा चेंडू हिंगिस जाळ्यापाशी टिपून घेत, असा हा मेळ होता. पहिल्या तिन्ही स्पर्धा या जोडीने जिंकल्या आणि १३ एप्रिल २०१५ रोजी सानिया मिर्झा दुहेरीच्या जागतिक क्रमवारीत पहिल्या क्रमांकावर आल्या. हा क्रमांक जोडीचा नसून प्रत्येक खेळाडूचा स्वतंत्र असतो, हे येथे नमूद केले पाहिजे. एकंदर ९१ आठवडे तो त्यांच्याकडे राहिला.

त्याच वर्षीच्या विम्बल्डनच्या अंतिम सामन्यात समोर रशियाच्या एकातेरिना माकारोव्हा आणि एलेना वेस्निना होत्या. वेस्निना या सानिया यांच्या एके काळच्या जोडीदार. २०११ साली फ्रेंच स्पर्धेचा अंतिम सामना दोघी एकाच बाजूने खेळून हरल्या होत्या. पहिला सेट ५-७ असा गेला. दुसरा टायब्रेकरवर जिंकला. तिसऱ्या सेटमध्ये सानिया आणि हिंगिस २-५ अशा मागे पडल्या. आणखी एक गेम गमावला असता तर सर्व संपले असते. तेथून त्यांनी ओळीने पाच गेम घेतले आणि ७-५ असा विजय मिळवला. विम्बल्डनमध्ये महिला दुहेरी जिंकणारी ती पहिली भारतीय महिला. मुलींच्या दुहेरीतील विजयानंतर बारा वर्षांनी त्याच स्पर्धेत हा दिवस उगवला. पाठोपाठ त्याच वर्षी अमेरिकन आणि २०१६ मध्ये ऑस्ट्रेलियन स्पर्धाही या जोडीने जिंकली आणि या ओघात सलग ४१ सामने जिंकले. सानिया यांची ग्रँड स्लॅम अजिंक्यपदे एकंदर सहा झाली : तीन महिला दुहेरीची आणि तीन मिश्र दुहेरीची. अर्जुन पुरस्कार, पद्मश्री, खेलरत्न आणि पद्मभूषण हे सन्मान त्यांना लाभले. ऑलिंपिक पदक मात्र हुकले. २०१६ साली रिओ येथे रोहन बोपण्णा यांच्यासह त्यांना चौथ्या क्रमांकावर समाधान मानावे लागले.

याच २०१६ मध्ये एका दूरचित्रवाणी मुलाखतीत त्यांना विचारले गेले की, आता स्थिरस्थावर केव्हा होणार, मातृत्वाचे काय? जगात पहिल्या क्रमांकावर असलेल्या स्त्रीला आपण अजून स्थिरस्थावर झालेली मानत नाही का, असा प्रतिप्रश्न त्यांनी शांतपणे केला. मुलाखतकाराने तेथेच क्षमा मागितली. हा प्रश्न केवळ त्या मुलाखतकाराचा नव्हता. आपल्या ओसरीवर बसून आपणही तो किती मुलींना विचारला असेल, याचा प्रत्येकाने विचार करावा.

ऑक्टोबर २०१८ मध्ये त्यांना पुत्र झाला. त्यानंतर त्यांनी सुमारे २६ किलो वजन घटवले आणि जानेवारी २०२० मध्ये ऑस्ट्रेलियातील होबार्ट येथे, नादिया किचेनोक यांच्या साथीने, पुनरागमनाची पहिलीच स्पर्धा जिंकली. जानेवारी २०२३ मध्ये बोपण्णांसह ऑस्ट्रेलियन स्पर्धेचा अंतिम सामना खेळून, आणि पुढच्याच महिन्यात दुबई येथे शेवटचा सामना खेळून, वयाच्या छत्तिसाव्या वर्षी त्यांनी व्यावसायिक टेनिसचा निरोप घेतला. २०१३ साली हैदराबादजवळ त्यांनी टेनिस प्रशिक्षणाची संस्था काढली होती, हेही येथे सांगितले पाहिजे.

मित्रहो, प्रत्येक मुलगी विम्बल्डनला जाईल असे मी म्हणत नाही. तसे सांगणे फसवणुकीचे होईल. बहुसंख्य खेळाडूंच्या हाती बक्षीस येत नाही. माझी विनंती याहून साधी आहे. शिक्षकांनी एखाद्या मुलीला ती लहान आहे किंवा अशक्त आहे म्हणून मैदानाबाहेर बसवण्यापूर्वी तिला एक महिना खेळू द्यावे. पालकांनी पहिल्या नकाराशी माघारी फिरू नये. गावातील अधिकाऱ्यांनी शाळेचे मैदान मुलींसाठी सायंकाळी मोकळे आणि सुरक्षित राहील एवढे पाहावे. त्यास मोठा निधी लागत नाही. आणि एखादीचा पाय मुरगळला, निवड हुकली, वर्ष वाया गेले, तर तिला घरी बसवण्याऐवजी तिच्याबरोबर बसून दुसरी कोणती वाट आहे, ते शोधावे. धावणे जमेनासे झालेली मुलगी उत्तम पंच होऊ शकते, प्रशिक्षक होऊ शकते, खेळाची शिक्षिका होऊ शकते.

त्या दिवशी निझाम क्लबमधून आई मुलीला घेऊन मुकाट्याने घरी परतली असती, तर त्याची कोठेही नोंद झाली नसती आणि काय गमावले हे कोणाला कळलेही नसते. आपल्या गावांतून अशा किती मुली रोज परत जात असतील, त्याचीही नोंद नाही. ती संख्या थोडी जरी कमी झाली, तरी आजचा दिवस साजरा केल्याचे सार्थक होईल.