निळू फुले : कलापथक ते पडदा

निळकंठ कृष्णाजी फुले यांच्यातला नट राष्ट्र सेवा दलाच्या कलापथकात घडला. तरुणपणी ते पुण्याच्या सशस्त्र सेना वैद्यकीय महाविद्यालयात माळीकाम करत आणि पगारातला काही वाटा सेवा दलाला देत. १९५७च्या निवडणुकीच्या सुमारास त्यांनी 'येरागबाळ्याचे काम नोहे' हे लोकनाट्य रचले. पुढे 'कथा अकलेच्या कांद्याची' या लोकनाट्याने त्यांना नाव मिळवून दिले. दिग्दर्शक अनंत माने यांच्या 'एक गाव बारा भानगडी' (१९६८) मधला झेलेअण्णा ही त्यांची चित्रपटातली पहिली गाजलेली भूमिका.

मग पाटील, सरपंच, सावकार अशा भूमिकांची रांगच लागली. खेड्यातल्या बायका त्यांना खरोखरच दुष्ट समजत. नकलाकारांनी त्यांचा घोगरा आवाज तेवढा उचलला. त्या आवाजामागचा संयम मात्र त्यांच्या हाती लागला नाही. फुल्यांचा खलनायक सहसा ओरडत नाही. शब्द सावकाश सोडतो, मध्ये थांबतो, डोळे बारीक करतो, आणि समोरचा आपोआप दबतो.

रंगभूमीवर १९७२ मध्ये विजय तेंडुलकरांच्या 'सखाराम बाइंडर'मध्ये त्यांनी सखाराम उभा केला. दिग्दर्शन कमलाकर सारंगांचे, चंपाच्या भूमिकेत लालन सारंग. परिनिरीक्षण मंडळाने नाटकाला कात्री लावली आणि प्रकरण उच्च न्यायालयात गेले. सखाराम शिवराळ, पण ढोंगी नाही. लोकनाट्यातला रांगडेपणा फुल्यांनी इथे विनोदासाठी खर्च केला नाही, हे विशेष.

जब्बार पटेल यांच्या 'सामना'त ते साखरसम्राट हिंदुराव धोंडे पाटील झाले. समोर डॉ. श्रीराम लागूंचा दारुडा मास्तर. हिंदुराव त्याला घरी आणतो, खाऊपिऊ घालतो, कौतुकाने बोलतो. मास्तर मात्र बेपत्ता झालेल्या मारुती कांबळेचा विषय सोडत नाही. तेव्हा हिंदुरावाच्या चेहऱ्यावरची मग्रुरी हळूहळू उतरत जाते आणि तिची जागा भीती घेते. खलनायकाला घाम फुटताना दाखवणे हे फुल्यांचे खरे कसब. हा चित्रपट १९७५च्या बर्लिन महोत्सवात गेला.

'सिंहासन' (१९७९) मध्ये त्यांनी ही प्रतिमाच मोडली. पत्रकार दिगू टिपणीस सत्तेचा खेळ जवळून बघतो, फारसे काही करू शकत नाही आणि शेवटी वेड्यासारखा हसत सुटतो. इथे नटाला बोलण्यापेक्षा ऐकणेच जास्त होते. हिंदीत 'सारांश'मधला (१९८४) राजकारणी गजानन चित्रे लक्षात राहतो. बाकीच्या हिंदी भूमिकांचे फारसे सांगण्यासारखे नाही.

१९९१ मध्ये त्यांना संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला. सामाजिक कृतज्ञता निधीसाठी लागूंसोबत त्यांनी 'लग्नाची बेडी'चे प्रयोग केले. अंधश्रद्धा निर्मूलनाच्या चळवळीतही ते होते. शेतकऱ्यांच्या आत्महत्यांवरचा 'गोष्ट छोटी डोंगराएवढी' हा त्यांच्या अखेरच्या चित्रपटांपैकी एक. १३ जुलै २००९ रोजी पुण्यात त्यांचे निधन झाले. पिंपळे गुरवच्या महापालिकेच्या रंगमंदिराला त्यांचे नाव आहे, तेही 'नटसम्राट' या बिरुदासह. 'नटसम्राट' नाटकातली ती भूमिका मात्र लागूंची होती.