न्हाणीघरातील श्वेतविवर



सूरतेच्या दक्षिणेकडील या सचिनच्या औद्योगिक वसाहतीत कापड विणले जाते, रंगविले जाते. त्यातलेच एखादे लवचिक कापड चौकटीवर ताणावे, मधोमध वजन ठेवावे आणि कडेने गोटी सोडावी. ती वजनाभोवती फिरू लागते. आइन्स्टाइनचे गुरुत्वाकर्षण समजावण्याची ही रीत मनोवेधक खरी, पण अपुरी. गोटी खाली ओढली जाते ती पृथ्वीच्याच आकर्षणाने. म्हणजे जे उलगडावयाचे तेच गृहीत धरलेले! शिवाय, सूर्याच्या कडेजवळून येणारा ताऱ्याचा प्रकाश १.७५ विकला वळतो, या भाकिताला १९१९च्या ग्रहणातील निरीक्षणांनी दुजोरा दिला. त्यातला निम्मा वाटा कालाच्या वक्रतेचा आहे. तो कापडावर कोठे दाखविणार?

पाणी अधिक प्रामाणिक आहे. वाहत्या द्रवातील ध्वनी आणि वक्र अवकाश-कालातील तरंग यांचे गणित एकाच घाटाचे असते, हे विल्यम उन्रू यांनी १९८१ मध्ये दाखविले. प्रवाह ध्वनीहून वेगवान झाला की ध्वनी उलट फिरू शकत नाही. कृष्णविवरातून प्रकाश सुटत नाही, तसेच. याचा उलटा प्रकार न्हाणीघरात पाहावा. नळाची धार सपाट ताटावर पडू दिली की भोवती पातळ, गुळगुळीत थर पसरतो आणि काही अंतरावर पाण्याचे कडे उभे राहते. आतले पाणी लहरींहून वेगाने धावत असल्यामुळे बाहेरची लहर आत शिरू शकत नाही. हेच श्वेतविवर. आतल्या थरात सुईचे टोक धरले तर पाचरीच्या आकाराची लहर उमटते. कड्याबाहेर ती पाचर नाहीशी होते.

हा खेळ नव्हे. सूर्याएवढ्या वस्तुमानाच्या कृष्णविवराचे हॉकिंग तापमान एका केल्व्हिनच्या कोट्यंशाहूनही कमी. दुर्बिणीला ते गवसणे नाही. म्हणून २०१६ मध्ये हैफा येथे जेफ स्टाइनहॉवर यांनी अतिशीत अणूंच्या प्रवाहात त्याचे ध्वनिरूप टिपल्याचे जाहीर केले. त्यावर वादही झाला.

मात्र येथेही मर्यादा आहे. प्रकाश उत्सर्जित करीत वस्तुमान गमावणाऱ्या ताऱ्याचे गुरुत्वक्षेत्र प्रल्हाद चुनीलाल वैद्य या गुजराती गणितज्ञाने १९४३ मध्ये मांडले. त्याआधी ते बनारसला मूळच्या कोल्हापूरच्या विष्णु वासुदेव नारळीकरांकडे अभ्यासास गेले होते. ते उत्तर आइन्स्टाइनच्या क्षेत्रसमीकरणांतून येते. ताटातले कडे ती समीकरणे पाळत नाही. ते पाण्याचेच नियम पाळते.