आमदारास अर्ज करा

मत टाकले की आपले काम सरले, ही समजूत आपण सोडली पाहिजे. महाराष्ट्राच्या विधानसभेत २८८ मतदारसंघ आहेत. आपला कोणता, ते मतदार-ओळखपत्रावर छापलेले असते. त्यावरून आमदाराचे नाव निघते. मग मध्यस्थाचा खिसा कशाला भरावा? अर्ज आपणच लिहू. एकच गाऱ्हाणे, गाव, तारीख, सह्या. नक्कल घरी ठेवू. आमदार गावी भेटत नसेल तर विधानभवन, मुंबई येथे धाडू.

१९२३ साली रावबहादूर सी. के. बोले यांनी मुंबई कौन्सिलात सार्वजनिक पाणवठे अस्पृश्यांस खुले करण्याचा ठराव मंजूर करून घेतला. तरी महाडच्या तळ्यावर १९२७ साली लोकांनाच चालून जावे लागले. ठराव सभासद करतो. तो अमलात आणविणे आपल्या हाती आहे.