प्रभाकर कंदील आणि एकाच नावाच्या दोघी

सावद्याहून आम्ही बोलतोय. भाकरीचं पीठ मळायला घेतलं असेल तर हात थांबवू नका, कान तेवढे इकडे द्या.

आमच्या गटात एकाच नावाच्या दोघी आहेत. नुसतं पाळण्यातलं नाव सारखं असतं तर विशेष काही नव्हतं. या दोघींचं पहिलं नाव सारखं, नवऱ्याचं नाव सारखं, आडनावही सारखं. ते नाव रेडिओवर सांगत नाही, कारण सावदा-फैजपूर पट्ट्यात त्या नावानं हाक मारली तर दहा घरांतून 'ओ' येईल. आपल्याकडे आडनावं तरी किती? चौधरी, पाटील, महाजन. त्यात आजीचं नाव नातीला ठेवायची रीत. आम्ही गटात एकीला थोरली म्हणतो, दुसरीला धाकटी. नात्यानं त्या एकमेकींच्या कुणी लागत नाहीत.

काही वर्षांपूर्वी धाकटी शिलाई मशीनसाठी कर्ज मागायला एका बँकेत गेली. समोरच्या माणसानं नाव टाकलं, पडद्याकडे पाहिलं आणि म्हणाला, "बाई, तुमचं जुनं कर्ज थकलंय." धाकटीनं जन्मात कुणाकडून कर्ज घेतलेलं नव्हतं. ती घरी आली तर नवऱ्यानं विचारलं, "मला न सांगता कशाला घेतलं होतंस?" माय वो! बँकेच्या बोलण्यापेक्षा तिला हे जास्त लागलं. आठ दिवस ती गटात आली नाही. थकबाकीदार म्हणून चारचौघींत कसं बसायचं, असं तिला वाटलं.

कर्ज थोरलीचं होतं. वादळात तिची केळी आडवी झाली होती, हप्ते राहिले होते. तिनं ते कधी लपवलं नव्हतं. हा घोळ कानावर आला तेव्हा ती आपणहून बँकेत आली आणि म्हणाली, "ते माझं आहे." तरी कागद हलेना. नाव जुळतंय ना, मग माणूस तोच, असं उत्तर मिळायचं. शेवटी जुना कर्जाचा अर्ज काढायला लावला. त्यावर अंगठा होता. धाकटी सातवी शिकलेली, पहिल्यापासून सही करते. जन्मतारीख वेगळी, माहेरचं गाव वेगळं. हे सगळं त्या कागदावर आधीपासून लिहिलेलं होतं, पण नावाच्या पुढे कुणी वाचलंच नव्हतं. धाकटीचं नाव मोकळं व्हायला पाच महिने गेले.

ही गोष्ट आज काढायचं कारण एक कंदील. मागच्या बैठकीत आमच्यातल्या एका आजींनी माळ्यावरून जुना कंदील काढून आणला. पत्र्यावर उठावाची अक्षरं होती, 'प्रभाकर'. एका सुनेनं ती मोठ्यानं वाचली आणि आजी लाजल्या. त्यांच्या मालकांचं नाव प्रभाकर! नवऱ्याचं नाव घ्यायचं नाही, म्हणून आयुष्यभर त्या या कंदिलाला 'ओगल्यांचा कंदील' म्हणत आल्या. दुकानात गेल्या तरी तसंच म्हणायच्या. आम्ही हसून हसून लोळलो. मग कुणीतरी विचारलं, हे ओगले कोण?

सातारा जिल्ह्यात कराड स्टेशनाजवळ ओगलेवाडी आहे. १९१६ साली तिथं ओगले काच कारखाना निघाला. ती जागा तेव्हा औंध संस्थानात होती. किर्लोस्करांना कुंडलच्या माळावर जागा देणारं संस्थान तेच. कारखाना काढणाऱ्या भावांमध्ये एक श्रीपाद प्रभाकर ओगले, दुसरे गुरुनाथ प्रभाकर ओगले. वडिलांचं नाव प्रभाकर, म्हणून ते दोघांच्याही नावात मधोमध. आणि घराघरांत पोचलेल्या त्यांच्या कंदिलाचं नावही प्रभाकर. प्रभाकर म्हणजे सूर्य, तेव्हा कंदिलाला ते शोभतंच. पण बघा, बाप, मुलांच्या नावाचा मधला भाग, बाजारातला कंदील आणि आमच्या आजींचे मालक, सगळे एकाच नावाचे. उद्या एखाद्या कागदावर नुसतं 'प्र. ओगले' किंवा 'पी. ओगले' दिसलं, तर तो कोण म्हणायचा?

ओगल्यांच्याही आधीची एक गोष्ट बचत गटाच्या बाईनं ऐकावी अशी आहे. अंताजी दामोदर काळे नावाच्या गृहस्थांनी लोकांकडून एकेक पैसा गोळा करायला सुरुवात केली. त्याला पैसा फंड म्हणायचे. लोकमान्य टिळकांचा त्याला पाठिंबा होता. त्या पैशातून १९०८ साली तळेगाव दाभाड्याला काचेचा कारखाना उभा राहिला. शिकवायला ईश्वरदास वार्ष्णेय आले. ते जपान आणि अमेरिकेत काचेचं शास्त्र शिकून आले होते. तळेगावात तयार झालेली माणसं पुढं देशभरच्या काच कारखान्यांत गेली. दर महिन्याला आपण पेटीत पैसे टाकतो, त्याची ही पणजी म्हणा ना. फरक एवढाच, की आपल्या वहीत कुणी किती टाकले ते नावानिशी असतं. पैसा देणाऱ्या त्या हजारो लोकांत बायका किती होत्या, ते कारखान्याच्या भिंतीवर लिहिलेलं नसतं.

आता काच वितळवायची कशी, ते सांगतो. बांगडी हातात घालतो, पण ती मुळात वाळू असते हे डोळ्यापुढे येत नाही. वाळू, सोडा आणि चुना एकत्र करून तापवायचे. नुसती वाळू वितळायला साधारण १७०० अंश उष्णता लागते. सोड्यामुळे ती कमी तापावर वितळते आणि चुन्यामुळे झालेली काच पाण्यात विरत नाही. तरीसुद्धा भट्टी दीड हजार अंशांच्या आसपास न्यावी लागते. वरण उकळतं १०० अंशांना, यावरून अंदाज करा. पूर्वी मातीच्या मोठ्या कुंड्यांत काच वितळवायचे आणि जळणाची बहुतेक ऊब धुराड्यातून वर निघून जायची. आपल्या चुलीचंही तेच होतं. म्हणून तर आपल्या आज्यांनी चुलीला वैल जोडला. मुख्य तोंडावर भाकरी, आणि निघून जाणाऱ्या आचेवर वैलावर वरण.

हीच युक्ती युरोपात सीमेन्स घराण्यातल्या फ्रीडरिखला सुचली. मोटारीच्या स्टार्टरवर वगैरे हे आडनाव तुम्ही पाहिलं असेल. त्यानं भट्टीच्या दोन्ही बाजूंना विटांच्या जाळीच्या खोल्या बांधल्या. बाहेर निघणारा गरम धूर एका खोलीतून जातो, विटा लाल होतात. मग झडप फिरवायची. आता भट्टीत येणारी थंड हवा त्या तापलेल्या विटांतून येते, म्हणजे गरम होऊनच आत शिरते, आणि धूर दुसऱ्या खोलीतून जातो. थोड्या वेळानं पुन्हा उलट. वैलच, पण आलटून पालटून चालणारा. याचं पेटंट फ्रीडरिखनं १८५६ साली इंग्लंडमध्ये घेतलं. बर्मिंगहॅमजवळच्या काच कारखान्यात तशी भट्टी चालू लागली, तेव्हा फॅरडे नावाच्या मोठ्या शास्त्रज्ञानं १८६२ साली लंडनला तिच्यावर व्याख्यान दिलं. पुढं १८६७ च्या सुमाराला कुंड्या जाऊन एक मोठा हौद आला. एका टोकानं वाळू-सोडा घालायचा, दुसऱ्या टोकानं काच काढायची, भट्टी विझवायची नाही. आजही बाटल्या आणि खिडक्यांच्या काचा हौदाच्या भट्टीतच होतात.

आणि इथं पुन्हा आमच्या थोरली-धाकटीसारखी गंमत. सीमेन्स हे भाऊ बरेच. थोरला वेर्नर, तारायंत्रवाला, बर्लिनला. एक हान्स, त्याचा जर्मनीत ड्रेस्डेनला काच कारखाना. तो १८६७ साली वारला आणि कारखाना फ्रीडरिखकडे आला. एकाचं नाव कार्ल विल्हेल्म, दुसऱ्याचं नुसतं कार्ल, तो रशियात काम पाहायचा. त्यातला कार्ल विल्हेल्म लंडनला स्थायिक झाला, १८५९ साली तिथला नागरिक झाला आणि तिथं त्याला चार्ल्स विल्यम म्हणू लागले. म्हणजे एका माणसाची दोन नावं आणि एका आडनावाची पाच माणसं. भट्टीवर फ्रीडरिख आणि विल्यम दोघांनी काम केलं, लोखंडाच्या धंद्यात विल्यमचं नाव गाजलं, आणि 'सीमेन्सची भट्टी' म्हटलं की ऐकणाऱ्याला दोघांतला कोण ते कळत नाही. ज्याला खात्री करायची तो पेटंटचा कागद काढतो, कारण त्यावर पूर्ण नाव, पत्ता आणि तारीख असते.

आपल्या देशात पेटंटचा पहिला कायदा १८५६ चाच. त्याखालचा पहिला अर्ज ३ मार्च १८५६ ला कलकत्त्याच्या जॉर्ज आल्फ्रेड डी पेनिंग या इंजिनिअरनं केला. कशासाठी? पंखा ओढायच्या यंत्रासाठी! तेव्हा साहेबांच्या डोक्यावरचा कापडी पंखा माणसं दोरीनं ओढायची. त्या अर्जात त्यानं आपला धंदा लिहिला, घराची गल्ली लिहिली, नंबर लिहिला. पावणेदोनशे वर्षांनीही तो माणूस दुसऱ्या कुणात मिसळत नाही. पेटंटची नोंदवही आजही कुणालाही पाहता येते. कुणी केळीच्या खोडाचा धागा काढायचं नवं यंत्र केलं तर तीही पाहू शकते आणि तिचं नावही तिथं चढू शकतं. फक्त नाव एकच हवं. अर्जावर माहेरचं, आधारवर सासरचं, पासबुकावर घरचं टोपणनाव असं झालं तर शोध कुणाचा यावरूनच वाद.

लांब कशाला, आपल्या जळगावचंच घ्या. विद्यापीठाला नाव दिलं ते 'कवयित्री बहिणाबाई चौधरी उत्तर महाराष्ट्र विद्यापीठ'. एवढं लांब का? नुसतं बहिणाबाई म्हटलं तर तुकाराम महाराजांच्या शिष्या संत बहिणाबाई आठवतात. त्या सतराव्या शतकातल्या. आपल्या बहिणाबाई असोद्याच्या, १८८० मध्ये जन्मलेल्या, १९५१ मध्ये गेलेल्या. त्यांना लिहिता येत नव्हतं. त्यांच्या ओव्या घरच्यांनी टिपून ठेवल्या, मुलगा सोपानदेवानं त्या जपल्या आणि १९५२ साली पुस्तक निघालं. टिपल्या नसत्या तर नाव कशाला द्यायचं, हाच प्रश्न उरला असता.

आता आपल्या पेटीतले कागद. बाईचं नाव लग्नात बदलतं. काही घरांत पहिलं नावसुद्धा बदलतात, ताटात तांदळात लिहून. कायदा तसं सांगत नाही. लग्नानंतर माहेरचं नाव ठेवलं तरी चालतं. बदललंच असेल तर राजपत्रात छापून घेता येतं आणि तो कागद जन्मभर उपयोगी पडतो. सातबाऱ्यावर नाव लिहिताना चुकलं, काना-मात्रा गेला, तर जमीन महसूल संहितेच्या कलम १५५ खाली तहसीलदारांकडे दुरुस्ती मागता येते. अर्जासोबत जुना फेरफार जोडा. आमच्यातल्या एकीचं बापाच्या शेतातलं वारसाचं नाव केवळ एका अनुस्वारासाठी दोन वर्षं अडकलं होतं. भाऊ चांगले म्हणून निभावलं. सगळ्यांचे भाऊ तसे नसतात, हे आम्ही हळूच सांगतो.

एक बदल मात्र आम्हाला मनापासून आवडला. १ मे २०२४ किंवा त्यानंतर जन्मलेल्या मुलांच्या सरकारी कागदांवर आपल्या राज्यात आधी मुलाचं नाव, मग आईचं, मग वडिलांचं, मग आडनाव अशी नोंद होते. ओगले बंधूंच्या काळी ही रीत असती तर त्या कंदीलवाल्यांच्या आईचं नावही आपल्या तोंडी असतं. आणि एकाच नावाची दोन पोरं एका वर्गात आली तर आईच्या नावानं लगेच वेगळी ओळखू येतील. आमच्या थोरलीच्या नातवाचा दाखला आला तेव्हा तिनं तो तीनदा वाचून घेतला. मग म्हणाली, "सुनेचं नाव बी लिवलंय की." कर्ज तिनं मागच्या वर्षी फेडलं. आता ती अंगठा करत नाही, सही करते. सही करायला तिला गटातच शिकवलं, आणि शिकवणारी धाकटीच.

तर पुढच्या बुधवारी बैठकीला येताना प्रत्येकीनं आधार, रेशन कार्ड, पासबुक, सातबारा असेल तर सातबारा आणि शाळेचा दाखला असेल तर तोही आणा. ओळीनं मांडून नाव, जन्मतारीख, गाव सगळीकडे सारखं आहे का ते बघू. जिला वाचता येत नाही तिच्याशेजारी वाचणारी बसेल. चुकलेलं सापडलं तर अर्ज तिथंच लिहू. आजी कंदील घेऊन येणार आहेत. वात नवी घातलीय, काच राखेनं घासून लखलखीत केलीय. आणि त्याचं नाव स्वतःच्या तोंडानं घेईन, असं त्यांनी कबूल केलंय.