सई परांजपे आणि आपला शेजार
(रौप्यमहोत्सवी स्नेहसंमेलनात केलेले भाषण)



'माझा आवडता कलावंत' या विषयावर थोडक्यात बोला, असं सेक्रेटरींनी सांगितलं. सोसायटीच्या समारंभात बोलायचं म्हटल्यावर मला एकच नाव सुचलं, सई परांजपे. शेजार हा विषय त्यांनी किती मनापासून हाताळला आहे! नावंच बघा ना, नाटक 'सख्खे शेजारी' आणि दूरदर्शनवरची मालिका 'अडोस पडोस'.

सईबाईंनी सुरुवात केली पुणे आकाशवाणीवर. मग दिल्लीचं राष्ट्रीय नाट्य विद्यालय आणि त्यानंतर दूरदर्शन. टीव्ही तेव्हा आपल्याकडे नुकता रांगत होता. पुढे बालचित्रपट, नाटकं, मालिका, माहितीपट असं सगळंच त्यांनी केलं. १९८० साली 'स्पर्श', १९८१ मध्ये 'चश्मेबद्दूर' आणि १९८३ मध्ये 'कथा'. तिन्ही सिनेमांत एकाचा रंग दुसऱ्याला नाही. 'स्पर्श'मधल्या अंध मुख्याध्यापकाला कुणाची दया नको असते. ती भूमिका करणाऱ्या नसीरुद्दीन शाह यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. 'चश्मेबद्दूर'मध्ये दिल्लीतली तीन पोरं एका खोलीत राहून धमाल करतात. आणि १९९० च्या 'दिशा'त गिरणी कामगारांनी गच्च भरलेला मुंबईतला गाळा दिसतो. २००६ मध्ये त्यांना पद्मभूषण मिळालं.

पण आज बोलायचंय ते 'कथा'बद्दल. ससा-कासवाची ही गोष्ट त्यांनी थेट मुंबईच्या चाळीत आणून बसवली. मूळ नाटक मराठीच, श. गो. साठ्यांचं 'ससा आणि कासव'. राजाराम हा साधा कारकून, चाळीत कुणाचंही काम अडलं की ते त्याच्याच गळ्यात पडतं. त्याच्या खोलीत मित्र बाशू येऊन मुक्काम ठोकतो. बाशू गोडबोल्या, थापाड्या. बघता बघता सगळी चाळ त्याच्या खिशात! राजारामला जी मुलगी मनातून आवडते, तीही बाशूलाच भुलते. शेवटी बाशू सगळ्यांना टांग देऊन पसार होतो. त्याला ना शिक्षा, ना पश्चात्ताप.

मला वाटतं, सईबाई इथे बाशूपेक्षा चाळीकडे बोट दाखवतात. बाशूला डोक्यावर कुणी घेतलं? चाळीनेच. राजारामला गृहीत कुणी धरलं? तेही चाळीनेच. आणि हे सगळं त्या हसत हसत सांगतात, म्हणून जरा जास्तच लागतं.

मंडळी, पंचवीस वर्षं आपली सोसायटी उभी आहे ती राजारामांच्या जिवावर. पाण्याचा टँकर आला की खाली धावणारे, रात्री-अपरात्री कुणाला दवाखान्यात नेणारे, मेंटेनन्सचा हिशेब जुळेपर्यंत जागणारे. सभेत आवाज मात्र दुसऱ्यांचाच मोठा असतो! कार्यकारिणीवर यायला कुणी तयार नसतं, चुका काढायला सगळे हजर. आता इमारत जुनी होत चालली. उद्या पुनर्विकासाची बोलणी निघतील, तेव्हा गोड बोलणारे बाशू दारात रांग लावतील. त्या दिवशी आपण कुणाचं ऐकणार? कागद नीट वाचून शंका विचारणाऱ्याचं, की टाळ्या घेणाऱ्याचं?

'कथा' पुन्हा एकदा घरच्यांबरोबर जरूर बघा. भरपूर हसाल. आणि सिनेमा संपला की आपल्याच मजल्यावरच्या राजारामाच्या दाराची बेल वाजवून त्याला चहाला बोलवा.