अब्रूचा कायदा आणि आपले वर्तमानपत्र
(गावच्या वाचनालयात एका शाळामास्तरांनी दिलेले भाषण)



आजचा विषय वकिलांचा आहे आणि मी वकील नव्हे. पण वकिलाची फी देण्याचे ज्याच्या अंगात त्राण नाही, त्याला निदान कागदावरचे शब्द तरी कळले पाहिजेत, म्हणून मी उभा आहे. जेथे चुकेन तेथे जाणत्यांनी उठून सांगावे.

अब्रू ही काय चीज आहे हे तुम्हांला मी सांगण्याची गरज नाही. सावकार कर्ज देतो ते अब्रूवर, सोयरीक जमते ती अब्रूवर. जमीन गेली तर माणूस मजुरी करून पोट भरतो. नाव गेले तर त्याला मजुरीही कोणी देत नाही. तेव्हा कोणी उठावे आणि कोणावरही चोरीचा, बदफैलीचा आळ छापावा, असे राज्य आपल्याला नको. अब्रूनुकसानीचा कायदा हा मूळचा वाईट नाही, हे मी आधीच सांगून ठेवतो. वर्तमानपत्रावर प्रेम करणारी काही मंडळी तो समूळ वाईट म्हणतात. त्यांनी एखाद्या गरीब विधवेवर गावाने उठविलेली कंडी एकदा डोळ्यांनी पाहावी.

पण हत्यार तेच, हात निराळे. हे समजण्यासाठी एक जुना खटला सांगतो.

मुंबईत वैष्णवांच्या वल्लभ संप्रदायाचे गुरू होते, त्यांना महाराज म्हणत. भाटिये आणि वाणी हे त्यांचे शिष्य. लक्षावधींची उलाढाल करणारे व्यापारी. तन, मन आणि धन गुरूला अर्पण करावे अशी शिकवण. धन तर जातच होते, पण तनाचा अर्थ शिष्यांच्या लेकीसुनांपर्यंत नेला जातो, अशी कुजबूज घरोघर होती आणि उघड बोलण्याची कोणाची छाती नव्हती. करसनदास मूळजी नावाचा एक तरुण होता, जातीचा कपोळ वाणी. विधवांच्या पुनर्विवाहावर निबंध लिहिला म्हणून सांभाळ करणाऱ्या मावशीने त्याला घराबाहेर काढले होते. त्याने १८५५ साली ‘सत्यप्रकाश’ नावाचे गुजराती पत्र काढले आणि २१ ऑक्टोबर १८६० च्या अंकात ही गोष्ट छापली. जदुनाथजी महाराजांचे नाव घेऊन छापली.

महाराजांनी १८६१ साली सुप्रीम कोर्टात पन्नास हजार रुपयांची फिर्याद लावली. त्या काळचे पन्नास हजार! करसनदासाबरोबर छापखान्याचे नानाभाई रुस्तमजी यांनाही ओढले. पुढची गोष्ट मात्र नीट ऐका, कारण ती आपल्या गावांत आजही घडते. भाटियांच्या पुढाऱ्यांनी जात जमवून ठराव केला की, महाराजांविरुद्ध जो साक्ष देईल तो जातीबाहेर. म्हणजे कोर्ट उघडे, कायदा उघडा, पण साक्षीदाराचे तोंड बंद. लेखणीला कोर्टात बांधायचे आणि जिभेला जातीत बांधायचे, असा हा दुहेरी दोर. करसनदास डगमगला नाही. त्याने उलट त्या पुढाऱ्यांवरच साक्षीदार फोडण्याच्या कटाची फिर्याद केली आणि कोर्टाने पुढाऱ्यांना दंड ठोठावला.

मग १८६२ च्या आरंभी मुख्य खटला चालला. कोर्टाच्या आवारात पाय ठेवायला जागा नसे. करसनदासाने ‘मी तसे म्हणालोच नाही’ अशी पळवाट काढली नाही. जे छापले ते खरे आहे आणि मी ते सिद्ध करतो, असे तो म्हणाला. खरे बोलणे सोपे, सिद्ध करणे महाग. साक्षीला उभे राहिले त्यांत गोव्याच्या मांद्रे गावचे डॉक्टर भाऊ दाजी लाड होते. महाराजांना कोणता आजार होता हे त्यांनी शपथेवर सांगितले. येथे मुले बसली आहेत म्हणून मी त्याचे नाव घेत नाही. २२ एप्रिल १८६२ रोजी निकाल लागला आणि करसनदास खरा ठरला. न्यायमूर्ती अर्नोल्ड यांच्या म्हणण्याचा मथितार्थ असा होता की, नीतीने जे वाईट ते धर्माच्या नावाने चांगले होत नाही. खर्चापोटी त्याला साडेअकरा हजार रुपये मिळाले. पण झालेला खर्च त्याहून अधिक होता. म्हणजे जिंकलेल्या माणसालाही खिशातून भरावे लागले. ‘कर नाही त्याला डर कशाला’ ही म्हण मी वर्गात शिकवितो, पण कोर्टाच्या पायरीवर ती अर्धीच खरी ठरते.

आता याची उलटी बाजू. ती कोल्हापूरची आहे, आणि आपल्या लोकांना ती अधिक जवळची आहे.

कोल्हापूरच्या गादीवर चौथे शिवाजी महाराज हे दत्तक गेलेले तरुण राजे होते. त्यांना वेड लागले असे ठरवून त्यांच्यावर पहारा बसविला. कारभारी होते माधवराव बर्वे. राजाचे हाल होतात अशी हाकाटी सगळीकडे झाली. त्या वेळी पुण्यास ‘केसरी’ आणि ‘मराठा’ ही पत्रे नवीन निघाली होती. टिळक आणि आगरकर दोघेही पंचविशीतले. बर्व्यांच्या हातची म्हणून काही पत्रे त्यांच्याकडे आली. त्यांतून राजाविरुद्ध कारस्थान दिसत होते. त्यांनी त्यांवर विसंबून लिहिले. बर्व्यांनी फिर्याद केली आणि कोर्टात निघाले काय? ती पत्रे बनावट! दोघांनी दिलगिरी दाखविली, तरी जुलै १८८२ मध्ये चार महिन्यांची साधी कैद झाली. मुंबईच्या डोंगरीच्या तुरुंगात ते १०१ दिवस होते. आगरकरांनी पुढे त्यावर पुस्तक लिहिले.

या खटल्यातील एक गोष्ट आपल्या घरांत सांगितली पाहिजे. या दोघांना जामीन हवा होता दहा हजारांचा. तो जोतीराव फुल्यांच्या सांगण्यावरून दिला सत्यशोधक समाजाच्या रामशेठ बापूशेठ उरवणे यांनी. ‘केसरी’चे आणि सत्यशोधकांचे सूत किती जमत होते ते इतिहास जाणणाऱ्यांस ठाऊक आहे. मत जुळत नाही त्याच्या लेखणीसाठी दहा हजारांची जोखीम घेणे, हे मला त्या खटल्यातील सर्वांत मोठे काम वाटते. आपल्या मताच्या पत्राला वर्गणी कोणीही देतो.

पण राजाचे काय झाले? २५ डिसेंबर १८८३ रोजी अहमदनगरास पहाऱ्यावरच्या एका गोऱ्या शिपायाशी झालेल्या झटापटीनंतर चौथे शिवाजी महाराज वारले. म्हणजे पत्रे खोटी होती, पण दुःख खरे होते. एका खोट्या कागदाने खरी फिर्याद बुडविली. कोणी तुम्हांला आयता पुरावा आणून दिला की तो कितीही गोड लागो, आधी त्याची शाई तपासा. कायद्यात ‘सद्भावना’ हा शब्द येतो. आपण समजतो, मन साफ असले की झाली सद्भावना. तसे नव्हे. कायद्याच्या भाषेत सद्भावना म्हणजे योग्य ती काळजी आणि खबरदारी घेऊन केलेले काम. मन साफ पण तपास नाही, तर ती सद्भावना नव्हे.

तिसरा खटला थोडक्यात सांगतो. १९२५ साली दिनकरराव जवळकरांनी ‘देशाचे दुश्मन’ हे पुस्तक लिहिले. त्यात विष्णुशास्त्री चिपळूणकर आणि टिळक यांच्यावर टीका होती. दोघेही तोवर वारलेले. पुस्तकाची भाषा मला स्वतःला झेपत नाही, हे स्पष्ट सांगतो. लेखक जवळकर आणि प्रकाशक केशवराव जेधे यांच्यासह चौघांना १९२६ साली खालच्या कोर्टात शिक्षा झाली. अपिलात डॉक्टर बाबासाहेब आंबेडकर उभे राहिले आणि सगळे सुटले. मेलेल्या माणसाची बदनामी हाही गुन्हा होतो, पण केव्हा? कुटुंबीयांच्या किंवा जवळच्या नातलगांच्या मनाला लागावी अशा हेतूने केली तर. फिर्यादी हा दूरचा नातलग, हा मुद्दा बाबासाहेबांनी मांडला. शब्द न् शब्द वाचणारा वकील असा असतो.

आता आजचा कायदा. १८६० च्या दंडसंहितेतील ४९९ आणि ५०० ही कलमे दीडशेहून अधिक वर्षे चालली. १ जुलै २०२४ पासून त्यांच्या जागी भारतीय न्याय संहितेचे ३५६ वे कलम आले. शिक्षा दोन वर्षांपर्यंत साधी कैद, किंवा दंड, किंवा दोन्ही. नवे एवढेच की समाजसेवेची शिक्षाही देता येते. ही झाली फौजदारी. दिवाणी दावा निराळा. त्यात पैसे मागतात आणि तो एका वर्षाच्या आत लावावा लागतो. दिवाणीत तुमचे म्हणणे खरे ठरले की तुम्ही सुटलात. फौजदारीत नुसते खरे पुरत नाही. ते छापणे लोकांच्या हिताचे होते, हेही दाखवावे लागते. शेजाऱ्याच्या घरातील खरी भानगड छापाल तर खरेपणा तुम्हांला वाचविणार नाही. सार्वजनिक विहिरीच्या पैशाची भानगड निराळी.

ज्या विलायतेतून हा कायदा आपल्याकडे आला, त्या विलायतेने अब्रूनुकसानीचा फौजदारी गुन्हा २००९ साली कायदा करून रद्द केला. श्रीलंकेने त्याआधीच, २००२ साली, काढून टाकला. आपल्या सर्वोच्च न्यायालयाने मात्र २०१६ साली तो घटनेला धरून आहे असा निर्णय दिला. निर्णय मानलाच पाहिजे. पण माझे मत विचाराल तर अब्रूची भरपाई पैशाने आणि छापील माफीने व्हावी, तुरुंगाने नव्हे. तुरुंगाची भीती श्रीमंत पत्राला थोडी आणि हातावर पोट असलेल्या बातमीदाराला फार असते. याच न्यायालयाने १९९४ साली तमिळनाडूतील एका साप्ताहिकाच्या खटल्यात चांगली गोष्ट सांगितली आहे: सरकारी अधिकाऱ्यांची बदनामी होईल या भीतीने छपाई आधीच अडविण्याचा अधिकार सरकारला नाही, आणि अधिकाऱ्याच्या सरकारी कामावर काळजीपूर्वक तपास करून लिहिले, तर मजकुरात चूक निघाली तरी तेवढ्यावर भरपाई मागता येत नाही.

हे सगळे मी आज का सांगतो आहे? आपल्याच तालुक्यातील एका गावच्या सुताराच्या मुलाने रेशनच्या दुकानात माप कमी पडते असे एका साप्ताहिकाला लिहून कळविले. आठ दिवसांत वकिलाची नोटीस आली: माफी मागा आणि पाच लाख द्या. बापाने घाबरून दावणीचा बैल विकायला काढला. नोटीस म्हणजे कोर्टाचा हुकूम, असा त्या घराचा समज! बाबांनो, वकिलाची नोटीस हे दुसऱ्या पक्षाचे पत्र आहे. समन्स कोर्टाकडून येते, त्यावर कोर्टाचा शिक्का असतो. नोटिशीने बैल जात नाही. ती फेकून देऊ नये, उत्तर द्यावे. पण रात्रीतून माफी लिहून देऊ नये.

आम्ही काय केले? सात घरांच्या पावत्या गोळा केल्या, कोणत्या तारखेला किती धान्य नोंदले आणि घरच्या तराजूवर किती भरले ते लिहिले, आणि ज्यांनी मोजले त्यांच्या सह्या घेतल्या. दोन म्हाताऱ्यांनी अंगठे दिले. ‘दुकानदार चोर आहे’ हे वाक्य त्या पोराने पहिल्या पत्रात लिहिले होते, ते आम्ही उत्तरात पुन्हा लिहिले नाही. ‘अमुक तारखेला पाच किलोच्या जागी साडेचार किलो भरले’ एवढेच लिहिले. चोर हा शब्द आपल्याला सिद्ध करावा लागतो. साडेचार किलो तराजू सिद्ध करतो. शिवाय तोच कागद तहसीलदारांकडे दिला. ज्याला चौकशीचा अधिकार आहे त्याच्यापुढे खबरदारी घेऊन केलेली तक्रार ही बदनामी होत नाही, असा अपवाद कायद्यातच आहे. एकूण दहा अपवाद आहेत, हा आठवा. आपल्या लोकांना तोच सर्वांत उपयोगी आहे आणि तोच फार थोड्यांना ठाऊक आहे. तेव्हा आधी अर्ज, अर्जाची पोहोच, आणि मग वर्तमानपत्र. दावा अजून लागलेला नाही. बैल घरीच आहे.

उद्या रविवार आहे. सकाळी आठ वाजता शाळेत मी अर्जाचा आणि वर्तमानपत्राला लिहावयाच्या पत्राचा असे दोन नमुने फळ्यावर लिहून ठेवीन. ज्यांना उतरून घ्यायचे त्यांनी वही आणावी, ज्यांना लिहिता येत नाही त्यांनी घरातील शाळेत जाणारे पोर बरोबर आणावे. कोणाकडे नोटिशीचा कागद पडून असेल तर तोही आणावा. तो मी मोठ्याने वाचणार नाही.